पंडिता रमाबाई : सज्ञान स्त्रीची निवड आणि तिचे मोल

पंडिता रमाबाईंचे (१८५८–१९२२) चरित्र मराठी वाचकाला अपरिचित नाही. देवदत्त नारायण टिळकांनी १९६० मध्ये त्यांचे विस्तृत चरित्र सिद्ध केले. सिस्टर जेराल्डीन यांनी जमविलेला त्यांचा पत्रव्यवहार १९७७ मध्ये अ. भि. शहा यांच्या संपादनाखाली साहित्य संस्कृती मंडळाने प्रसिद्ध केला, आणि पुढे मीरा कोसंबी यांच्या संशोधनाने या चरित्राला नवे परिमाण लाभले. तथापि जुन्या चरित्रलेखनातील एक सवय अद्याप पुरती सुटलेली नाही. रमाबाईंनी बाविसाव्या वर्षी केलेला विवाह आणि पंचविसाव्या वर्षी केलेला धर्मस्वीकार या दोन निर्णयांच्या मागे कोणाचा प्रभाव होता, याचाच शोध घेतला जातो. भक्त चरित्रकाराला तेथे ईश्वराचा हात दिसतो, टीकाकाराला मिशनऱ्यांचा. हे निर्णय घेण्याचा त्यांना अधिकार होता काय, असल्यास तो कोणत्या कायद्याने, कोणत्या अटींवर आणि कोणती किंमत घेऊन दिला होता, हा प्रश्न एखाद्या वाक्यात आटोपला जातो.

केरळातील एका सज्ञान तरुणीने स्वतःच्या निवडीने केलेला धर्मस्वीकार आणि विवाह यांवरून उभे राहिलेले प्रकरण २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयात निकाली निघाले. दोन्ही बाबतींतील निवडीचा तिचा अधिकार न्यायालयाने मान्य केला. तत्पूर्वी उच्च न्यायालयाने तो विवाह रद्दबातल ठरवून तिला आईवडिलांच्या स्वाधीन केले होते. त्या निकालाच्या निमित्ताने रमाबाईंचे चरित्र पुन्हा वाचताना एक गोष्ट प्रकर्षाने जाणवली. रमाबाईंना कोणाच्या स्वाधीन करता येण्याजोगे कोणी उरलेलेच नव्हते. त्यांच्या स्वातंत्र्याची ही बाजू मला महत्त्वाची वाटते आणि प्रस्तुत लेखाचा रोख तिच्यावर आहे.

आरंभ आईच्या विवाहापासून करावा लागतो. अनंतशास्त्री डोंगरे हे चित्पावन ब्राह्मण, संस्कृतचे गाढे व्यासंगी. पहिली पत्नी वारल्यानंतर यात्रेत असताना गोदावरीकाठी त्यांची एका ब्राह्मणाशी गाठ पडली. बोलता बोलता सोयरीक ठरली आणि चाळिशी ओलांडलेल्या या प्रवाशाशी त्या गृहस्थाने आपल्या नऊ वर्षांच्या मुलीचे दुसऱ्याच दिवशी लग्न लावून दिले. जावई कोण, कोठला, त्याचे घर कसे, याची चौकशीही झाली नाही. मुलीला विचारण्याचा प्रश्न त्या काळात कोणाच्या मनातही येणार नव्हता. ही हकीकत रमाबाईंनी पुढे आपल्या इंग्रजी पुस्तकात सांगितली आहे, आणि ती मुलगी सुदैवाने भल्या माणसाच्या हाती पडली एवढीच टिप्पणी केली आहे. ती मुलगी म्हणजे त्यांची आई लक्ष्मीबाई, हे पुस्तकाच्या प्रस्तावनेतून कळते. आईच्या आयुष्यातील ही घटना तिऱ्हाइतासारखी मांडण्यातला संयम लक्षात घेण्याजोगा आहे.

अनंतशास्त्र्यांनी पत्नीला संस्कृत शिकविले. त्यावरून वाद झाला, पंडितांपुढे त्यांना शास्त्राधार द्यावा लागला, आणि शेवटी सह्याद्रीतील गंगामूळच्या अरण्यात त्यांनी आश्रमवजा घर बांधले. तेथे २३ एप्रिल १८५८ रोजी रमाबाईंचा जन्म झाला. पुढे द्रव्य संपले आणि कुटुंब पुराणे सांगत तीर्थोतीर्थी हिंडू लागले. रमाबाईंचे शिक्षण या पायपिटीतच आईकडून झाले. थोरल्या बहिणीचे लग्न रूढीप्रमाणे लहानपणी लावून दिले होते. त्याची परिणती दुःखद झाल्यामुळे धाकट्या मुलीच्या बाबतीत आईवडिलांनी ती घाई केली नाही. चिंतनीय गोष्ट अशी की रमाबाईंचे अविवाहित राहणे हाही त्यांचा निर्णय नव्हता. तो वडिलांचा होता, आणि वडिलांनाही तो मोठ्या मुलीच्या दुर्दैवातून सुचला होता.

दुष्काळाच्या वर्षांत वडील, आई आणि बहीण एकामागून एक गेली. उरली रमा आणि भाऊ श्रीनिवास. दोघांनी पायी हिंदुस्थान पालथा घातला आणि १८७८ मध्ये ती कलकत्त्यास पोहोचली. तेथील विद्वत्सभेने वीस वर्षांच्या या मुलीला पंडिता आणि सरस्वती या पदव्या दिल्या. केशवचंद्र सेन यांनी तिच्या हाती वेद ठेवले. तोवर स्त्रीने वेद वाचू नयेत, ही शिकवण वडिलांनीही मोडली नव्हती. याच केशवचंद्रांनी ब्राह्म विवाहांना कायदेशीर मान्यता मिळावी म्हणून केलेल्या खटपटीतून १८७२ चा तिसरा कायदा आला होता. आणि १८७८ मध्येच त्यांनी त्या कायद्याने ठरविलेले वय न गाठलेल्या आपल्या मुलीचा विवाह कुचबिहारच्या राजाशी लावून दिला. ब्राह्म समाज त्यावरून फुटला. रमाबाई कलकत्त्यात आल्या त्या वर्षी हा वाद ताजा होता. सुधारकाच्या घरातही मुलीची संमती आणि तिचे वय यांची काय किंमत असते, हे त्यांना फार लवकर पाहावयास मिळाले.

१८८० मध्ये ढाक्यास श्रीनिवास वारला. त्याच वर्षी रमाबाईंनी त्याचे स्नेही, सिल्हेटकडील वकील बिपिनबिहारी दास मेधावी यांच्याशी बाँकीपूर येथे नोंदणी पद्धतीने विवाह केला. ते बंगाली कायस्थ होते. भाषा, प्रांत आणि जात या तिन्ही सीमा एकदम ओलांडणारा हा विवाह होता. येथे कायद्याकडे जरा बारकाईने पाहावे लागेल. बंगालचे शास्त्री कायस्थांना शूद्रांत गणत. ब्राह्मण स्त्री आणि शूद्र पुरुष यांचा संबंध धर्मशास्त्राच्या भाषेत प्रतिलोम. होम करून, सप्तपदी घालूनही त्याला वैध विवाहाचे रूप आले नसते आणि न्यायालयाने संततीला औरस मानले नसते. मार्ग उरत होता तो १८७२ च्या तिसऱ्या कायद्याचा.

या कायद्याची कथा मोठी उद्बोधक आहे. १८६८ मध्ये हेन्री मेन यांनी मांडलेला मूळ मसुदा व्यापक होता. रूढ धर्मविधीने विवाह करण्यास ज्यांची हरकत असेल अशा एतद्देशीयांना तो खुला व्हावयाचा होता. धर्मात राहूनही धर्माबाहेर लग्न करता येईल, या कल्पनेने सर्व बाजूंनी विरोध झाला, आणि १८७२ मध्ये फिट्झजेम्स स्टीफन यांच्या हातून जो कायदा संमत झाला तो आकुंचित होता. वधूवरांनी, आपण ख्रिस्ती, ज्यू, हिंदू, मुसलमान, पारशी, बौद्ध, शीख वा जैन धर्म पाळत नाही, असे लिहून द्यावयाचे. चौदा दिवस आधी नोटीस द्यावयाची. निबंधक आणि तीन साक्षीदार यांच्यासमोर विवाह व्हावयाचा. वराचे वय अठरा आणि वधूचे चौदा पूर्ण असावे, परंतु एकवीस पूर्ण झालेली नसल्यास पित्याची वा पालकाची संमती आणावी, अशीही अट होती.

म्हणजे जोडीदार निवडण्याचा अधिकार हवा असेल तर धर्म नाकारण्याचे कर्तव्य पत्करावे लागे. निवडीची एक बाब मिळविण्यासाठी दुसरी गहाण ठेवावी अशी ही व्यवस्था होती. ज्याची हिंदू धर्मावर श्रद्धा आहे पण जातीवर नाही, अशा माणसाने काय करावे, याचे उत्तर कायद्यात नव्हते. अनेक ब्राह्मांना आपण हिंदू नाही असे लिहून देणे जड जाई आणि आदि ब्राह्म समाजाने या तरतुदीला विरोधच केला होता. रमाबाईंची अडचण त्या मानाने कमी होती. हिंदू धर्मावरील आणि ख्रिस्ती धर्मावरीलही विश्वास त्या वेळी आपणा दोघांच्या ठायी नव्हता, असे त्यांनी पुढे आत्मनिवेदनात सांगितले आहे. त्यांचे प्रतिज्ञापत्र खोटे नव्हते. कायद्याने त्यांना खोटे बोलावयास लावले नाही, हा योगायोग म्हणावा लागेल.

दुसरा योगायोग वयाचा. त्यांनी बावीस पूर्ण केलेली होती, म्हणून पालकाची संमती लागली नाही. आणि लागती तरी ती द्यावयास कोण होते? वडील नाहीत, आई नाही, भाऊ नुकताच गेला. त्या काळी बावीस वर्षांची अविवाहित ब्राह्मण स्त्री मिळणे जवळजवळ अशक्यप्राय होते. त्यामुळे कायद्याने दिलेले हे स्वातंत्र्य ज्यांच्यासाठी लिहिले होते त्या स्त्रियांपर्यंत पोहोचण्याआधीच त्यांची लग्ने होऊन गेलेली असत. सज्ञानतेचा १८७५ चा कायदा अठरा वर्षांची मर्यादा घालतो खरा, परंतु विवाह, घटस्फोट, दत्तक आणि धर्म या बाबी त्याने मुद्दाम बाहेर ठेवल्या आहेत. जमिनीचा करार करावयास कोण जाणता, हे त्याने सांगितले. लग्न आणि धर्म या बाबतींत कोण जाणता, हे मात्र ज्याच्या त्याच्या रूढीवर सोडले.

सिल्चरचा संसार दोन वर्षेही टिकला नाही. १६ एप्रिल १८८१ रोजी मनोरमा जन्मली. या घरातील एक लहानसा प्रसंग मला सर्व चरित्रात फार बोलका वाटतो. पतीच्या पुस्तकसंग्रहात रमाबाईंना लूकच्या शुभवर्तमानाची बंगाली प्रत सापडली. त्या ती वाचू लागल्या. तेथील एक बॅप्टिस्ट मिशनरी घरी येऊन बायबल समजावून सांगू लागला, आणि ख्रिस्ती व्हावे असे रमाबाईंच्या मनात आले. बिपिनबिहारी मिशन शाळेत शिकलेले होते, बायबल त्यांना ठाऊक होते. तरीही आपल्याला ख्रिस्ती म्हणवून घेणे त्यांना पसंत नव्हते, आणि पत्नीने उघडपणे बाप्तिस्मा घ्यावा हे तर मुळीच नव्हते. त्या मिशनऱ्याचे येणे बंद करण्याचा विचार त्यांनी बोलून दाखविला. जात, प्रांत आणि शास्त्र यांना न जुमानता एकमेकांना निवडणारी ही दोन माणसे. पण जोडीदार निवडण्याइतका मोकळा असलेला पुरुषही पत्नीने धर्म निवडण्याची वेळ येताच पती झाला. त्यांना दोष देण्याचा येथे हेतू नाही. ते प्रेमळ आणि उदार गृहस्थ होते, आणि हा मतभेद कोठवर गेला असता हे कळण्यापूर्वीच ४ फेब्रुवारी १८८२ रोजी पटकीने त्यांचा अंत झाला. एवढेच नोंदवावयाचे की रमाबाईंच्या मार्गातील प्रत्येक दार कोणा तरी आप्ताच्या मृत्यूने उघडले. भाऊ असता तर १८८० चा विवाह कसा झाला असता, पती असता तर १८८३ चा बाप्तिस्मा झाला असता काय, हे प्रश्न निरुत्तर राहतात.

त्याच वर्षी रमाबाई पुण्यास आल्या. आर्य महिला समाजाची स्थापना, हंटर आयोगापुढील मराठी साक्ष हा इतिहास सुविदित आहे. साहित्याच्या अभ्यासकाला महत्त्वाचे ते १८८२ मधील ‘स्त्रीधर्मनीति’. एम. ए. च्या वर्गात हे पुस्तक शिकवीत असताना एका विद्यार्थिनीने विचारले, की स्वतः इतका धाडसी विवाह केलेल्या बाईंनी या पुस्तकात त्याचा उच्चारही का केला नाही? प्रश्न मार्मिक होता आणि मला तत्काळ उत्तर देता आले नाही. पुस्तक संस्कृतप्रचुर मराठीत आहे. त्यात स्त्रियांना उद्योग, विद्या, सदाचरण यांचा उपदेश आहे. विवाह जाणत्या वयात व्हावा, निवड ज्यांची त्यांनी करावी, हा विचारही आहे. परंतु त्याला आधार म्हणून येतो तो प्राचीन स्वयंवरांचा. बाँकीपूरचे निबंधक कार्यालय त्यात नाही. मला असे वाटते की पुण्यातील ब्राह्मण वाचकवर्गापुढे नुकत्याच वैधव्य आलेल्या स्त्रीला बोलावयाचे होते, आणि तिच्यापाशी तेथे मान्य होईल असे एकच चलन होते, ते शास्त्राचे. शिवाय हे पुस्तक विकून इंग्लंडचा प्रवासखर्च जमवावयाचा होता. हे उत्तर मी पुढच्या तासाला दिले. विद्यार्थिनीचे समाधान झाले नाही, आणि माझेही पुरते झालेले नाही.

२० एप्रिल १८८३ रोजी मनोरमा आणि सहचारिणी आनंदीबाई भगत यांच्यासह त्यांनी प्रस्थान ठेवले. वैद्यकाचा अभ्यास करावयाचा होता, तो कानाच्या दोषामुळे जमला नाही. त्यांनी मुंबईच्या स्नेह्याला लिहिलेले विस्तृत पत्र ‘इंग्लंडचा प्रवास’ या नावाने छापले गेले. मराठी स्त्रीच्या प्रवासलेखनाचा तो आद्य नमुना होय. वाँटेज येथील सेंट मेरी द व्हर्जिन भगिनीसंघाच्या आश्रयाला त्या राहिल्या. आपण धर्मांतर करणार नाही, असे त्यांनी निघताना स्नेह्यांना सांगितले होते. आनंदीबाईंच्या मनाने मात्र बळजबरीच्या धर्मांतराची धास्ती घेतली आणि त्या मनोव्यथेत त्यांनी आत्मघात केला. त्या घटनेचा रमाबाईंवर झालेला आघात मोठा होता. त्यानंतर थोड्याच दिवसांनी, २९ सप्टेंबर १८८३ रोजी, रमाबाईंनी मनोरमेसह बाप्तिस्मा घेतला. बुंदेलखंडात जन्मलेले, स्वतः धर्मांतरित झालेले नीळकंठशास्त्री ऊर्फ नेहेमिया गोरे यांच्याशी झालेल्या विचारविनिमयाचा या निर्णयात मोठा वाटा होता. वाँटेजच्या भगिनी पतित स्त्रियांसाठी चालवीत असलेल्या आश्रमाचे दर्शन हे त्याहून प्रभावी कारण असावे, असे त्यांच्या आत्मनिवेदनावरून दिसते.

या निर्णयाला कायद्याची आडकाठी नव्हती. धर्म सोडल्याने वा जातीतून बहिष्कृत झाल्याने कोणाचा वारसाहक्क बुडू नये, असा १८५० चा एकविसावा कायदा होता. पण रमाबाईंना बुडविण्याजोगी मिळकत कोठे होती? त्यांचे एकच धन होते, लोकमान्यता, आणि तिचे रक्षण करणारा कायदा नाही. महाराष्ट्रात टीकेची झोड उठली. ‘केसरी’ने त्यांच्यावर कठोर लेखन केले. सुधारकांनाही आपण फसविले गेलो असे वाटले. जोतीराव फुल्यांनी मात्र १८८५ च्या ‘सत्सार’मध्ये त्यांची बाजू घेतली. शास्त्रे स्वतः वाचू शकणाऱ्या ब्राह्मण स्त्रीने ती वाचून हा निर्णय घेतला, या गोष्टीचे मोल फुल्यांना कळले. टीकाकारांच्या लेखनात वारंवार येणारा सूर असा की बाईंना भुलविले. पंडिता ही पदवी देणाऱ्या समाजाने पाच वर्षांनी तिला अजाण ठरविले, याचा विचार व्हावयास हवा.

त्यांना अजाण ठरविणारे पुण्यातच होते असे नव्हे. बाप्तिस्म्यानंतरच्या तीन वर्षांचा पत्रव्यवहार वाचला म्हणजे चित्र पालटते, आणि माझ्या मते रमाबाईंच्या चरित्रातील हा सर्वांत तेजस्वी भाग आहे. चेल्टनहॅमच्या महाविद्यालयात त्या शिकत आणि शिकवीत होत्या. त्यांनी पुरुष विद्यार्थ्यांनाही शिकवावे अशी सूचना पुढे आली, तेव्हा मुंबई आणि लाहोर येथील बिशपांनी हरकत घेतली. हिंदुस्थानात त्यांच्या कार्याला बाध येईल, हे कारण. सभामंडपांतून हजारो पुरुषांपुढे व्याख्याने दिलेल्या रमाबाईंना ही काळजी हास्यास्पद वाटली आणि तसे त्यांनी स्पष्ट कळविले. ख्रिस्ताचे देवत्व, त्रैक्य, अथेनेशियन मतपत्रिका यांविषयी त्यांनी शंका काढल्या तेव्हा सिस्टर जेराल्डीन यांना तो अहंकार वाटला. गळ्यातील क्रूसावर लॅटिन अक्षरे कशासाठी, संस्कृत का नको, असेही रमाबाईंनी विचारले. त्यांची भूमिका थोडक्यात अशी : मी स्वतःच्या विवेकाने या धर्मात आले, मला आणणारा तोच विवेक आत आल्यावर कोणाच्या स्वाधीन करणार नाही. एका पुरोहितवर्गाच्या जोखडातून कष्टाने मान सोडवून घेतल्यावर दुसऱ्याच्या जोखडात ती देण्याची त्यांची तयारी नव्हती.

धर्म निवडण्याचा अधिकार हा उंबरठा ओलांडण्यापुरता असतो, अशी वाँटेजची समजूत होती, आणि तशीच पुण्याचीही होती. एकदा आत आलात की नियम आमचे. रमाबाईंनी ही समजूत दोन्हीकडे नाकारली. मनोरमेच्या शिक्षणावरून झालेला वादही याच जातीचा आहे. मुलीला कोणते धर्मशिक्षण द्यावे हे आई ठरवील, धर्ममाता नव्हे, असा त्यांचा आग्रह होता. दोन वर्षांच्या मुलीचा बाप्तिस्मा आईने ठरविला, हे येथे विसरता येत नाही. सज्ञान व्यक्तीच्या निवडीचे समर्थन करणाऱ्या प्रत्येकाला लेकराच्या बाबतीत कोठे तरी थांबावे लागते. रमाबाई आईपाशी थांबल्या.

१८८६ मध्ये आनंदीबाई जोशींच्या पदवीदान समारंभासाठी त्या अमेरिकेस गेल्या. १८८७ मध्ये उच्चवर्णीय हिंदू स्त्रीविषयीचे त्यांचे इंग्रजी पुस्तक निघाले. त्यात त्या वेळी गाजत असलेल्या रखमाबाईंच्या दाव्याचा निर्देश आहे. अज्ञान वयात लागलेले लग्न सज्ञान झालेल्या स्त्रीने नाकारावे, आणि मुंबईच्या उच्च न्यायालयाने १८८७ मध्ये पतीकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा, असा हुकूम करावा! त्या खटल्यात इंग्रज न्याय आणि हिंदू पितृसत्ता यांनी हातमिळवणी केल्याचे रमाबाईंनी ओळखले. अमेरिकेतील अनुभवांवरील १८८९ चे ‘युनायटेड स्टेट्सची लोकस्थिती आणि प्रवासवृत्त’ हे त्यांचे मराठीतील सर्वांत प्रसन्न पुस्तक. त्यावर स्वतंत्र लेखच हवा.

११ मार्च १८८९ रोजी मुंबईत शारदा सदन सुरू झाले आणि पुढल्या वर्षी पुण्यास आले. उच्चवर्णीय विधवांसाठीचे हे वसतिगृह निधर्मी तत्त्वावर चालावयाचे होते. धर्मशिक्षण सक्तीचे नाही, जातीचे सोवळेओवळे ज्याने त्याने पाळावे, रानडे आणि भांडारकर यांच्यासारखे सल्लागार, आणि पैसा बोस्टनच्या रमाबाई असोसिएशनचा. विधवांपैकी पहिल्या विद्यार्थिनी गोदूबाई. ११ मार्च १८९३ रोजी त्यांचा धोंडो केशव कर्वे यांच्याशी पुनर्विवाह झाला. १८५६ च्या पुनर्विवाहाच्या कायद्याची सातवी कलमे फार थोड्या लोकांनी नीट वाचली आहेत. अज्ञान आणि पतिसमागम न झालेल्या विधवेला पालकाची संमती लागे. परंतु सज्ञान विधवेच्या बाबतीत तिची स्वतःची संमती पुरेशी आहे, असे त्यात स्पष्ट म्हटले आहे. एकोणिसाव्या शतकातील हिंदू स्त्रीला स्वसंमतीने लग्न करण्याचा निःसंदिग्ध कायदेशीर अधिकार मिळाला तो विधवा झाल्यावर! कुमारिकेच्या बाबतीत असे कलम कोणी लिहिले नाही. गोदूबाईंनी तो अधिकार वापरला, आणि मुरूडच्या ग्रामस्थांनी कर्वे कुटुंबावर बहिष्कार घातला. ‘माझे पुराण’ या त्यांच्या आत्मकथनाला मराठी आत्मचरित्रांत जे स्थान आहे त्याच्या मुळाशी हा बहिष्काराचा काळ आहे.

हा पुनर्विवाह सुधारकांना मानवला. त्याच वर्षी त्यांना मानवले नाही ते दुसरेच. रमाबाई सकाळी आपल्या खोलीत प्रार्थना करीत. दार उघडे असे. काही मुली जाऊन बसू लागल्या आणि काहींचा कल ख्रिस्ती धर्माकडे दिसू लागला. सक्ती कोणी केली नव्हती, परंतु मज्जाव करण्यासही रमाबाईंनी नकार दिला. १८९३ च्या ऑगस्टमध्ये रानडे आणि भांडारकर यांनी सदनाशी असलेला संबंध तोडला, पालकांनी पुष्कळ मुली काढून नेल्या. रानड्यांच्या या कृतीकडे पाहताना पंचहौद मिशनमधील चहाच्या प्रकरणाचे ग्रामण्य आणि १८९२ मधील त्यांचे प्रायश्चित्त ध्यानात ठेवावे. तो माणूस पोळलेला होता. तरीही मुद्दा उरतोच. विधवेला पती निवडू द्यावा, धर्म मात्र निवडू देऊ नये, ही सुधारकांची मर्यादारेषा होती. आणि पालकांची बाजूही अगदी टाकाऊ नव्हती. त्यांनी मुली शिक्षणासाठी, एका विशिष्ट आश्वासनावर पाठविल्या होत्या. त्यांतील पुष्कळ मुली लहान होत्या. अन्नवस्त्रासाठी जिच्यावर अवलंबून राहावयाचे तिची श्रद्धा लहान मुलीला खुणावणे स्वाभाविक आहे. उघडे दार म्हणजे सक्ती नव्हे हे खरे, पण ते दार कोणाच्या घराचे आहे हेही पाहावे लागते.

केडगाव येथे हा प्रश्न अधिक तीव्र होतो. १८९६–९७ च्या दुष्काळात रमाबाईंनी मध्य प्रांतात हिंडून सुमारे तीनशे मुली आणि स्त्रिया वाचवून आणल्या. १९०० च्या गुजरातच्या दुष्काळानंतर मुक्ती सदनातील संख्या दोन हजारांच्या घरात गेली. त्यांना अन्न मिळाले, अक्षरे मिळाली, विणकाम, छपाई, शेती असे हाताला उद्योग मिळाले. बाप्तिस्माही मिळाला. येथे पूर्वीचे तटस्थ धोरण उरले नव्हते. मुक्ती ही उघड ख्रिस्ती संस्था होती. स्वतः रमाबाईंना वेद, उपनिषदे, ब्राह्म मत, गोऱ्यांचे युक्तिवाद हे सर्व तोलून पाहावयास वर्षे मिळाली होती. उपाशी मरणाच्या दारातून आलेल्या मुलीपाशी तोलावयास दुसऱ्या पारड्यात काय होते? रमाबाईंनी त्या मुलींना जीवन दिले, ही गोष्ट कोणत्याही टीकेने लहान होत नाही. परंतु ज्या विवेकाचा हवाला त्यांनी वाँटेजच्या भगिनींना दिला तो केडगावात प्रत्येकीला वापरता आला, असे म्हणणे अवघड आहे. त्यांच्या श्रद्धाळू चरित्रकारांनी हा प्रश्न टाळला आहे, आणि विरोधकांनी तो विचारला तो बहुधा त्या मुलींच्या कळवळ्याने नव्हे.

अखेरची वर्षे बायबलच्या मराठी भाषांतरात गेली. हिब्रू आणि ग्रीक शिकून मूळ भाषांतून त्यांनी ते केले. ‘स्त्रीधर्मनीति’च्या संस्कृतप्रचुर शैलीपासून ही भाषा दूर गेली आहे. जुन्या धर्मार्थाचा वास येणारे संस्कृत शब्द त्यांनी कटाक्षाने टाळले आणि अल्पशिक्षित बायकांना कळेल असे साधे मराठी घडविण्याचा प्रयत्न केला. परिणामी हे भाषांतर काही ठिकाणी अडखळते. पदवीधर पंडितेने हे अडखळणे जाणूनबुजून स्वीकारले होते. मनोरमा हीच त्यांची उजवी हात होती. ती अविवाहित राहिली. २४ जुलै १९२१ रोजी ती वारली. भाषांतराचे काम संपवून ५ एप्रिल १९२२ रोजी रमाबाईंनी देह ठेवला. मुक्तीच्या छापखान्यात ते बायबल १९२४ मध्ये छापून पुरे झाले.

मधल्या वर्षी, १९२३ मध्ये, हरिसिंग गौर यांच्या प्रयत्नाने १८७२ च्या कायद्यात दुरुस्ती झाली. हिंदू, बौद्ध, शीख आणि जैन यांना धर्म न नाकारता आपसांत नोंदणी विवाह करण्याची मुभा मिळाली. मात्र असा विवाह करणारा एकत्र कुटुंबातून विभक्त झाला असे समजले जाई, त्याला दत्तक घेण्याचा हक्क नसे, आणि तो एकुलता पुत्र असल्यास त्याच्या पित्याला दुसरा दत्तक घेता येई. हिंदू आणि ख्रिस्ती व्यक्तींना परस्परांशी या कायद्याने विवाह करावयाचा असल्यास ते जुने प्रतिज्ञापत्र तसेच राहिले. ते गेले १९५४ मध्ये, विशेष विवाह कायदा आला तेव्हा. नव्या कायद्यात नोटिशीची मुदत चौदा दिवसांवरून तीस दिवसांची झाली.